विजया क्लिनिकची पायरी चढण्यापूर्वी

मोबाईलवर गुडघेदुखीचा एखादा व्हिडिओ पाहिला की दुसऱ्या दिवसापासून जाहिरातींचा ससेमिरा सुरू होतो. हिरव्या पानाचं चित्र, ड्रॉपर लावलेली तपकिरी बाटली, 'विजया तेल', 'शंभर टक्के कायदेशीर', 'डॉक्टरांचा सल्ला मोफत'. विजया म्हणजे आपली भांगच. हे कळलं की घरात दोन तट पडतात. एक म्हणतो, "गांजा घरात? पोलीस येतील." दुसरा म्हणतो, "शंकराचा प्रसाद आहे, त्यानं कसला अपाय?" दोघंही चुकीचं बोलतात आणि जो दुखण्यानं बेजार आहे तो मधल्यामध्ये अडकतो.

२०२० च्या सुरुवातीला बंगळुरूत विजयाच्या औषधांचा दवाखाना उघडल्याच्या बातम्या आल्या. त्यानंतर विजयाची औषधं देणारी क्लिनिकं आणि फोनवर सल्ला देणाऱ्या कंपन्या बऱ्याच निघाल्या. अशा ठिकाणी जायचं ठरवलं, तर तिथे काय मिळायला हवं, काय विचारायचं आणि कुठे उठून निघून यायचं, यासाठी हा लेख.

आधी कायद्याचं बघू. १९८५ च्या अमली पदार्थविरोधी कायद्यानुसार, म्हणजे ज्याला सगळे एनडीपीएस म्हणतात त्यानुसार, गांजा म्हणजे झाडाचे फुलोऱ्याचे शेंडे आणि चरस म्हणजे त्याची राळ. शेंडे सोबत नसतील तर नुसती पानं आणि बिया या व्याख्येत येत नाहीत. पानांचा कारभार राज्यांकडे आहे. महाराष्ट्रात तो १९४९ च्या दारूबंदी कायद्याखाली चालतो, त्यामुळे परवान्याशिवाय भांग बाळगणं किंवा विकणं इथे गुन्हाच आहे. क्लिनिकमधली बाटली कायद्यात बसते ती निराळ्या वाटेनं. पानांच्या अर्कापासून, आयुर्वेदिक औषधाचा परवाना असलेल्या कारखान्यात ती बनलेली असते आणि नोंदणीकृत वैद्याच्या चिठ्ठीवर दिली जाते. औषधविषयक नियमांच्या ई(१) अनुसूचीत आयुर्वेदातल्या विषारी द्रव्यांची यादी आहे. तिथे भांगेचं नाव अफू, धोत्रा, बचनाग आणि गुंजेच्या पंगतीला आहे. म्हणूनच लेबलावर 'वैद्यकीय देखरेखीखाली घ्यावे' हा इशारा इंग्रजी आणि हिंदीत छापणं बंधनकारक आहे. हा इशाराच नसलेली बाटली कोणी पुढे केली, तर तिथलं काम संपलं असं समजा.

कोणी सुकी फुलं पुडीत बांधून देत असेल, "चिलमीत भरून दोन झुरके घ्या" म्हणत असेल, तर तो डॉक्टर असो की साधू, तो तुम्हाला गांजा देतो आहे. चिठ्ठीनं तो कायदेशीर होत नाही. एक किलोपर्यंतचा गांजा कायद्याच्या भाषेत 'अल्प प्रमाण' असला, तरी त्यालाही एक वर्षापर्यंत सक्तमजुरीची तरतूद आहे.

आता मूळ मुद्दा, पहिली भेट. चांगल्या क्लिनिकमध्ये पहिल्या भेटीचा बहुतेक वेळ प्रश्नांत जातो. दुखणं काय आहे, त्याचं निदान कोणी केलं, कोणते उपचार झाले, किती दिवस, त्यांनी काय झालं. मग घरच्यांची चौकशी: आई-वडील, भावंडं यांत कोणाला भ्रम होणं, कानात आवाज येणं, वेडाचे झटके असं काही होतं का? हा प्रश्न ऐकून पुष्कळजण दुखावतात, पण तो विचारणारा वैद्य आपलं काम जाणतो. भांगेतला नशा आणणारा घटक टीएचसी. तो स्किझोफ्रेनियासारखा आजार भडकवू शकतो आणि अशा आजाराचा वारसा असेल तर धोका वाढतो. तुमच्या हृदयाची, यकृताची चौकशी व्हायला हवी. दारू, तंबाखू, आधी कधी घेतलेली भांग किंवा ओढलेला गांजा हेही विचारलं जाईल. इथे खरं सांगा. सासूबाई सोबत बसल्या असतील तर त्यांना बाहेर बसायला सांगण्याचा हक्क तुम्हाला आहे.

यानंतरचा एक प्रश्न फार थोडे विचारतात, आणि माझ्या मते क्लिनिकची पारख त्यावरच होते: "या औषधानं नेमकं काय साधलं म्हणजे तुम्ही समाधानी व्हाल?" 'दुखणं जावं' हे याचं उत्तर नाही, कारण ते बहुधा जाणार नाही. रात्री सलग चार-पाच तास झोप लागावी, एक जिना न थांबता चढता यावा, किमोनंतर दोन घास पोटात टिकावेत, असं मोजता येण्यासारखं काहीतरी ठरवून केसपेपरवर लिहिलं गेलं पाहिजे. ते लिहिलेलं नसेल, तर दोन महिन्यांनी औषध लागू पडलं की नाही हे ठरवायचं कशावर? मग "थोडं बरं वाटतंय" म्हणत माणूस वर्षभर बाटल्या घेत राहतो.

जाताना सगळी औषधं पिशवीत घालून न्या. चिठ्ठ्या नव्हेत, प्रत्यक्ष पाकिटं. काढे, चूर्ण, होमिओपॅथीच्या गोळ्याही. आपल्याकडे एक जुनी खोड आहे, आयुर्वेदिक घेतलेलं ॲलोपॅथीच्या डॉक्टरला सांगायचं नाही, "ते रागावतात" म्हणून. या औषधाच्या बाबतीत ती खोड महागात पडू शकते. भांगेतला दुसरा मुख्य घटक सीबीडी नशा आणत नाही, पण यकृतात बाकीच्या औषधांचा निचरा करणाऱ्या यंत्रणेत अडथळा आणतो. रक्त पातळ करणारं वॉरफरिन चालू असेल तर त्याचा परिणाम वाढून रक्तस्राव होऊ शकतो. मूत्रपिंड बदललेल्या रुग्णाच्या टॅक्रोलिमसची रक्तातली पातळी चढू शकते. फिट येणाऱ्यांना दिलं जाणारं क्लोबाझाम सीबीडीसोबत जास्त गुंगी आणतं आणि व्हॅल्प्रोएटसोबत यकृताचे आकडे वाढतात. झोपेच्या गोळ्या आणि दारू यांच्याशीही जोडी धोक्याची. म्हणून यकृताच्या रक्ततपासण्या औषधाआधी आणि नंतर सांगणारा, "तुमच्या डॉक्टरांचा नंबर द्या, मी बोलतो" म्हणणारा वैद्य भेटला तर तुमचं नशीब चांगलं. "हे नैसर्गिक आहे, कशाशीच आडवं येत नाही" असं सांगणारा भेटला तर पिशवी उचला आणि निघा.

काहींना क्लिनिकनं नाही म्हणायला हवं. गरोदर आणि अंगावर पाजणाऱ्या बायका. स्वतःला किंवा सख्ख्या नात्यात गंभीर मानसिक आजार असलेले. नुकताच हृदयविकाराचा झटका येऊन गेलेले, यकृत फारच खराब झालेले. वाढत्या वयातली मुलं, दुर्धर फेफऱ्यासारखं कारण नसेल तर. नकार मिळाला तर फी गेल्याचं वाईट वाटू देऊ नका. त्या फीमध्ये तुम्हाला खरा सल्ला मिळाला.

कशाला उपयोग होतो, कशाला नाही? इथे जाहिराती आणि वैद्यकशास्त्र यांच्यात मोठं अंतर आहे. भांग आपल्या औषधशास्त्राला नवी नाही. ग्रहणीसाठी दिल्या जाणाऱ्या जातीफलादी चूर्णात ती असते. १८३९ मध्ये कलकत्त्याच्या वैद्यकीय महाविद्यालयातल्या ओशॉनेसी या डॉक्टरनं तिच्यावरचे आपले प्रयोग प्रसिद्ध केले आणि पाश्चात्त्य वैद्यकाला या झाडाची नीट ओळख झाली. पण आजच्या कसोटीवर पक्का पुरावा थोड्याच ठिकाणी आहे. लहान मुलांच्या काही दुर्मीळ आणि औषधांना न जुमानणाऱ्या फिट्स, मल्टिपल स्क्लेरोसिसमध्ये स्नायू ताठरणं, किमोनंतरची न थांबणारी मळमळ, एवढं. जुनाट वेदनांबाबत तज्ज्ञांमध्येच एकमत नाही. वेदनाशास्त्राच्या आंतरराष्ट्रीय संघटनेनं २०२१ मध्ये वेदनेसाठी या औषधांच्या सरसकट वापराला पाठिंबा नाकारला. त्याच वर्षी ब्रिटिश मेडिकल जर्नलमधल्या तज्ज्ञांच्या गटानं, बाकीचे उपचार पुरे पडत नसतील तर ओढण्याखेरीज इतर प्रकारानं औषध घेऊन पाहायला हरकत नाही, अशी सौम्य शिफारस केली. दोन्ही मतं पुढे ठेवणारा वैद्य प्रामाणिक आहे असं समजायला हरकत नाही.

कॅन्सर, मधुमेह, फिट्स 'बऱ्या करतो' असं जाहिरातीत छापणं तर १९५४ च्या जादूटोणा-छाप औषधांच्या जाहिरातीविरुद्धच्या कायद्यानं बंदच आहे. असं छापणारा क्लिनिकवाला पहिल्याच ओळीत कायदा मोडतो आहे, पुढे काय पाळणार? आणि कॅन्सरच्या तीव्र वेदनांसाठी आधी मॉर्फिनचं विचारा. ते स्वस्त आहे, त्याचा पुरावा भक्कम आहे. २०१४ मध्ये एनडीपीएस कायद्यात दुरुस्ती झाली ती अशी औषधं रुग्णालयांना मिळणं सोपं व्हावं म्हणून. परळच्या टाटा रुग्णालयात वेदनाशमनाचा स्वतंत्र विभाग आहे. तिथे न जाता हजारोंची तेलं घेणं म्हणजे दुखणाऱ्याचे दिवस वाया घालवणं.

आता बाटली हातात घ्या. यातच सगळी मेख आहे, म्हणून जरा थांबून बघू.

पुढच्या बाजूला मोठ्या अक्षरात '१००० मिलिग्रॅम' लिहिलेलं असतं. हा आकडा सगळ्या बाटलीचा. बाटली ३० मिलिलिटरची असेल तर एका मिलिलिटरमध्ये साधारण ३३ मिलिग्रॅम. आता पुढचा प्रश्न: हे ३३ मिलिग्रॅम कशाचे? नुसत्या अर्काचे, की सीबीडीचे, की सीबीडी आणि टीएचसी मिळून? अर्काचं वजन म्हणजे औषधाचं वजन नव्हे. दोन घटकांचे आकडे वेगवेगळे मागा. एकास एक प्रमाणाचं तेल असेल तर त्यात निम्मं टीएचसी, म्हणजे एका मिलिलिटरला साडेसोळा मिलिग्रॅम. भांगेची सवय नसलेल्या माणसाला टीएचसी सुरू करायचं ते २.५ मिलिग्रॅम किंवा त्याहून कमी, तेही रात्री. "अर्धा ड्रॉपर घ्या" असं कोणी मोघम सांगितलं, तर सत्तरीच्या आजोबांच्या पोटात पहिल्याच रात्री तिप्पट मात्रा जाते. उठताना भोवळ येते, न्हाणीघरात पाय घसरतो आणि गुडघ्यासाठी गेलेला माणूस खुब्याचं हाड मोडून घेतो. मात्रा मिलिग्रॅममध्ये आणि मिलिलिटरमध्ये, दोन्ही प्रकारे चिठ्ठीवर लिहून घ्या. थेंबांवर भरवसा नको. तेल दाट-पातळ असतं, थेंब लहान-मोठा पडतो. खुणा असलेला ड्रॉपर मागा.

उलटंही होतं. मुलांच्या फिट्सवर अमेरिकेत २०१८ मध्ये मान्यता मिळालेल्या शुद्ध सीबीडीच्या औषधाची मात्रा वजनावर ठरते. वीस किलोच्या मुलाला दिवसाला १०० मिलिग्रॅमनं सुरुवात, पुढे २०० आणि गरज पडली तर त्याहून वर. २०१७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या, ड्रॅव्हे सिंड्रोम या दुर्मीळ फेफऱ्याच्या १२० मुलांवरच्या चाचणीत वजनाच्या दर किलोला २० मिलिग्रॅम दिल्यावर महिन्याच्या झटक्यांचा मध्यम आकडा १२.४ वरून ५.९ वर आला. म्हणजे या मात्रेनं १००० मिलिग्रॅमची बाटली वीस किलोच्या मुलाला जेमतेम अडीच दिवस पुरते. दिवसाला चार थेंब देऊन तोच गुण येईल असं सांगणारा एकतर अडाणी आहे नाहीतर लबाड. शिवाय मुलाच्या फिटच्या गोळ्या अचानक बंद केल्या तर झटक्यांवर झटके येऊन जिवावर बेतू शकतं. मेंदूविकारतज्ज्ञाला वगळून हा उपचार करायचाच नाही.

बाटलीसोबत त्या बॅचचं प्रयोगशाळेचं विश्लेषण-पत्र मागा. सीबीडी, टीएचसी, शिसं-कॅडमियमसारखे जड धातू, कीटकनाशकं, बुरशी, सगळ्याचे आकडे त्यात हवेत. भांगेचं झाड जमिनीतले जड धातू चांगलंच ओढून घेतं, म्हणून हे विचारणं म्हणजे संशयखोरपणा नव्हे. पत्रावरचा बॅच नंबर बाटलीवरच्याशी जुळवून बघा. उत्पादन परवाना क्रमांक, बनवल्याची आणि मुदत संपण्याची तारीखही बघा. आणि 'हेम्प सीड ऑइल' पाहून फसू नका. बियांचं तेल हे खाद्यतेल आहे, २०२१ मध्ये अन्नसुरक्षा प्राधिकरणानं बियांना अन्न म्हणून मान्यता दिली ती त्यासाठी. चटणीला ते चांगलं. त्यात सीबीडी आणि टीएचसी जवळजवळ नसतंच, तरी ते वेदनाशामक म्हणून विकलं जातं.

किंमत बाटलीवर मोजू नका, मिलिग्रॅमवर मोजा. महिन्याला किती मिलिग्रॅम लागतील, त्याचे किती रुपये होतील, हे पहिल्या भेटीतच विचारा. मेडिक्लेम हा खर्च देईल असं गृहीत धरू नका.

औषध सुरू झाल्यावर धीर लागतो. पोटात घेतलेल्या टीएचसीचा परिणाम अर्ध्या तासापासून दोन तासांनी दिसतो आणि सहा-आठ तास, कधी जास्तही टिकतो. होळीत भांगेच्या बाबतीत होतं तेच इथे होतं: "काहीच होत नाही" म्हणून माणूस आणखी घेतो आणि मग दोन्ही मात्रा एकदम चढतात. पहिले काही दिवस घरात कोणीतरी सोबत असू द्या. मात्रा वाढवायची ती काही दिवसांच्या अंतरानं, वैद्याला विचारून. सीबीडी स्निग्ध जेवणासोबत कितीतरी पटीनं जास्त शोषलं जातं. म्हणून आज उपाशीपोटी, उद्या पुरणपोळीवर तुपाची धार धरून झाल्यावर, असं करू नका. रोज एकाच पद्धतीनं घ्या. तोंडाला कोरड, झोप, गरगरणं, जुलाब हे नेहमीचे त्रास. छातीत धडधड, भास, भीतीनं ग्रासणं, डोळे पिवळे होणं यांपैकी काही दिसलं तर औषध थांबवून लगेच संपर्क साधायचा. तो कोणाशी, रात्री कोणता नंबर, हे क्लिनिकनं आधीच लिहून दिलेलं असावं.

पुढची भेट दोन ते चार आठवड्यांत हवी. केसपेपरवर लिहिलेलं उद्दिष्ट वाचून काढायचं आणि हिशेब करायचा. तीनेक महिन्यांत ते गाठलं नाही तर औषध हळूहळू बंद. "आता जास्त स्ट्राँग बाटली घ्या" हे एवढंच उत्तर प्रत्येक वेळी मिळत असेल, तर तिथला माणूस वैद्याच्या खुर्चीत बसलेला विक्रेता आहे.

फोनवरचा सल्ला सरसकट वाईट नाही. चंद्रपूरच्या माणसानं त्यासाठी दरवेळी पुणे गाठावं असं कोण म्हणेल? पण २०२० पासून आयुष डॉक्टरांसाठी टेलिमेडिसिनचे नियम आहेत. डॉक्टरनं स्वतःचं नाव आणि नोंदणी सांगायला हवी, रुग्णाची ओळख पटवायला हवी, चिठ्ठीवर नोंदणी क्रमांक असायला हवा. महाराष्ट्रातल्या आयुर्वेद पदवीधरांची नोंद महाराष्ट्र कौन्सिल ऑफ इंडियन मेडिसिनकडे असते. तिथे पडताळता येते. आधी पैसे, मग फॉर्म, मग दोन मिनिटांचा फोन आणि चिठ्ठी तयार, हा क्रम असेल तर ती चिठ्ठी औषध विकण्यापुरतीच आहे.

नोकरीचं आणि प्रवासाचं क्लिनिकवाले सहसा सांगत नाहीत, तुम्हीच विचारा. टीएचसी घेऊन गाडी चालवायची नाही. अमली पदार्थाच्या अंमलाखाली वाहन चालवणं मोटार वाहन कायद्याच्या कलम १८५ खाली गुन्हा आहे. टीएचसीचे अंश लघवीत अनेक दिवस राहतात. कोकणातली कितीतरी पोरं मर्चंट नेव्हीत आहेत. जहाजावर तपासणी होते आणि तिथे वैद्याची चिठ्ठी नोकरी वाचवेलच असं नाही. वैमानिक, केबिन क्रू आणि स्पर्धेत उतरणारे खेळाडू यांनाही हेच लागू. बाटली घेऊन परदेशी जायचं नाही. दुबई आणि सिंगापूरचे कायदे याबाबतीत फार कडक आहेत. ब्रिटनमध्ये २०१८ पासून तज्ज्ञ डॉक्टर वैद्यकीय गांजा लिहून देऊ शकतात, तेव्हा लंडनच्या लेकाकडे अशी कायदेशीर फुलं किंवा तेल असू शकेल. पण "बाबांसाठी थोडं घेऊन ये" असं त्याला सांगू नका. मुंबई विमानतळावर तो गांजाच ठरेल.

घरी आणलेली बाटली देवघरात किंवा फ्रिजच्या दारात ठेवू नका, कुलपात ठेवा. गोड चवीची गोळी किंवा तेल लहान मुलाच्या हाती लागलं आणि मूल सुस्त झालं, हाका मारूनही नीट जागं होईना, तर उलटी काढण्याच्या भानगडीत न पडता बाटली सोबत घेऊन तडक जवळचं रुग्णालय गाठा. आणि तिथे काय पोटात गेलं ते लाज न बाळगता स्पष्ट सांगा. भीतीनं लपवलंत तर डॉक्टर मेंदूज्वर शोधत बसतील.